दुर्गाबाईंनी बंद पाडलेला खेळ

दुर्गाबाई शेजूळ फार रागीट होत्या, असं जालन्यातले जुने लोक आजही सांगतात आणि सांगताना हसतात. त्या हसण्याचा मला राग येतो. त्यांच्या रागाला कारण होतं, आणि त्या कारणात माझाही हात होता. म्हणून हे लिहायला घेतलं.

१९५१ साली मी मुलींच्या शाळेत शिक्षिका म्हणून जालन्याला आले आणि तिथल्या मस्तगड भागात एक खोली भाड्यानं घेतली. पलीकडच्या दोन खोल्यांत दुर्गाबाई आणि त्यांचे यजमान मच्छिंद्रभाऊ राहायचे. मच्छिंद्रभाऊ सत्यनारायण शेटच्या कापसाच्या जिनिंगमध्ये इंजिनावर होते. दिवसभर इंजिनाच्या धडधडीत राहून त्यांचं बोलणंच आटून गेलं होतं. ती कसर दुर्गाबाई भरून काढायच्या. तिशीच्या, उंच, आणि आवाज असा की भाजीवाली गल्लीच्या टोकाला असली तरी त्या आपल्या उंबऱ्यातूनच भाव ठरवायच्या. निजामाच्या राज्यात त्यांच्या गावी मुलींची शाळा नव्हतीच. मामानं पाटीवर अक्षरं गिरवून घेतली होती तेवढ्या भांडवलावर त्या मराठी छापील वाचायच्या, अडखळत, पण सोडायच्या नाहीत.

पुढच्या वर्षी सत्यनारायण शेटनं औरंगाबादेतल्या एका लिलावात सिनेमाचं जुनं मशीन घेतलं. त्याच्यासोबत पत्र्याच्या डब्यांतली चौदा रिळं आली. एकाही रिळात गोष्ट नव्हती, नट नव्हता. सगळी परदेशची सफर: बर्फातली गावं, समुद्रातली बेटं, हत्ती, पवनचक्क्या. दुसरा कोणी असता तर डोक्याला हात लावला असता. शेट मारवाडी खरे, पण हिशेबापेक्षा हौस मोठी. उन्हाळ्यात कापसाचं गोदाम रिकामंच असायचं. खिडक्यांना बारदान लावलं, समोर पांढरं कापड ताणलं आणि बाहेर पाटी लागली: 'जगाची सफर'. मच्छिंद्रभाऊंनी आठ दिवसांत मशीन चालू केलं. शेटच्या आई लाडबाई हटून बसल्या म्हणून रविवारी दुपारचा खेळ फक्त बायांसाठी ठेवला.

मशीनमधून आवाज यायचा तो इंग्रजीत. म्हणून माहिती सांगायला एक वयस्क मुनशीजी नेमले. बायांसमोर उभं राहणं त्यांना बरं वाटेना, तर ते पडद्याआड बसून कागद वाचायचे. त्यामुळे समोर काय चाललंय ते त्यांना दिसायचंच नाही. पहिल्याच रविवारी पडद्यावर हत्तींचा कळप धावत होता आणि मुनशीजी पवनचक्कीत दळण कसं होतं ते सांगत होते. मच्छिंद्रभाऊंचा डबा घेऊन आलेल्या दुर्गाबाई मागून ओरडल्या, "मुनशीजी, हत्ती आला हत्ती! तुम्ही आजून चक्कीवरच काहून?"

गोदामभर हशा झाला. मुनशीजी कागद टाकून निघून गेले. मग दुर्गाबाईच पुढं झाल्या आणि जे दिसेल ते सांगत सुटल्या. लाडबाईंनी दुसऱ्या दिवशी निरोप पाठवला की आता हीच बाई बोलेल.

रिळांसोबतचे इंग्रजी कागद मी मराठीत करून द्यायचे. शाळेतून आले की दुर्गाबाई चहाचा कप पुढं ठेवायच्या आणि म्हणायच्या, "सांगा मास्तरीणबाई, आज कुठं जायचं?" त्यांना जगाची भूक होती. बर्फ पायाला कसा लागतो, पवनचक्की वारा पडला की काय करते, असले प्रश्न विचारून त्या मला भंडावून सोडायच्या. दोन वर्षांत 'सफरवाली बाई' म्हणून त्यांचं नाव परतूर-जाफराबादपर्यंत पोचलं. शेट बैलगाडीत मशीन घालून बाजारच्या गावी खेळ न्यायचे आणि लोक विचारायचे, "बाई आली का?" बाई नसली तर परत जायचे.

सगळ्यांत चालायचं ते बेटाचं रीळ. दक्षिणेच्या समुद्रातलं कुठलंसं बेट, कमरेला झावळ्या गुंडाळलेली माणसं. कागदावर लिहिलं होतं, 'इथले लोक आळशी, पोरकट आणि आनंदी असतात. उद्याची चिंता त्यांना ठाऊक नाही.' मी ते जसंच्या तसं मराठीत करून दिलं. एका क्षणासाठीसुद्धा माझी लेखणी थांबली नाही. दुर्गाबाईंनी त्याला तिखटमीठ लावलं. नावेतून उतरणारी एक बाई मान वळवून कॅमेऱ्याकडं एकटक बघते, तिथं त्या म्हणायच्या, "बघा कशी बघून राह्यली, म्हैस बघती तशी!" बाया हसून हसून पदरानं डोळे पुसायच्या. मीही पुसलेत.

१९५४ च्या दिवाळीनंतर, कापसाच्या वेचणीत, परदेशी लोकांची एक तुकडी कॅमेरा घेऊन जालन्याला आली. दोन गोरे आणि मुंबईचा एक दुभाष्या. त्यांना खेडं हवं होतं. शेटला आनंद मावेना. त्यांनी दुर्गाबाईंना सोबत दिलं आणि दुर्गाबाईंनी त्यांना आपल्या मावशीच्या गावी नेलं, जाफराबादच्या पुढं पूर्णेच्या काठी.

ही मावशी म्हणजे सोनूबाई. नवरा गेल्यावर तिनं दोन विहिरींची शेती एकटीनं सांभाळली होती. कोणता बैल कोणत्या बाजारातून कधी आणला ते ती तोंडपाठ सांगायची. पाहुणे येणार म्हणून तिनं हिरवं कोरं लुगडं नेसलं, गळ्यात पुतळ्या घातल्या आणि परातभर शेंगा आणि गूळ काढून ठेवला. पाहुण्यांनी शेंगा खाल्ल्या, उरलेल्या खिशात भरल्या. मग दुभाष्यानं दुर्गाबाईंना सांगितलं, "साहेब म्हणतात, रोजचं लुगडं नेसायला सांगा. आणि गळ्यातलं काढायला."

सोनूबाईनं लुगडं बदललं. वेचणीची चित्रं झाली. दुपारी सगळे विहिरीवर आले. विहिरीला लागून जनावरांना पाणी पाजायचा दगडी हाळ होता, त्यावर दोन म्हशी पाणी पीत होत्या. गोरा माणूस दुभाष्याशी काही बोलला. दुभाष्या म्हणाला, "ह्या बाईंना म्हशींशेजारी बसून हाळातलं पाणी ओंजळीनं प्यायला सांगा. एकदाच."

सोनूबाई म्हणाली, "दुर्गे, इथं घागर भरलेली है. हाळाचं काहून पिऊ?"

"मावशी, पाहुणे हैत. एवढ्या दुरून आलेत. एक घोट पी न. काय जातंय तुझं?"

सोनूबाई हसली, खाली बसली आणि प्याली. पहिल्या वेळी चित्र नीट आलं नाही म्हणून पुन्हा प्याली. तेव्हा ती हसत नव्हती.

हे सगळं मला दुर्गाबाईंनी परत आल्यावर मोठ्या कौतुकानं सांगितलं होतं. हाळाची गोष्टसुद्धा. "साहेब लोकांची बी काय एकेक हौस!" म्हणाल्या होत्या.

पुढं हैदराबाद राज्य मोडलं, आम्ही मुंबई राज्यात गेलो, आणि १९५७ च्या चैत्रात मुंबईच्या व्यापाऱ्याकडून शेटनं नवी पाच रिळं मागवली. त्यांतलं एक आमच्याच भागाचं निघालं. शेट मस्तगडभर सांगत सुटले. मच्छिंद्रभाऊंनी ते रीळ गोदामात लावून पाहिलं तेव्हा दुर्गाबाई आणि मी दोघीच समोर होतो. आधी शेतं दिसली, मग बैलगाड्यांची रांग, मग कापूस वेचणाऱ्या बाया. मग हाळ. दोन म्हशींची तोंडं आणि मध्ये सोनूबाई, ओंजळीतून पाणी गळतंय. ते चित्र किती वेळ ठेवलं होतं! बाजार एवढासा, वेचणी एवढीशी, आणि हाळ मात्र संपता संपेना.

"कागद वाचा," दुर्गाबाई म्हणाल्या.

मी वाचला. "या भागात माणूस आणि जनावर एकाच कुंडातलं पाणी पितात. शेकडो वर्षांत इथं काहीही बदललेलं नाही. या स्त्रीला स्वतःचं वयसुद्धा माहीत नाही."

"वय? तिला वय कुणी विचारलं व्हतं?" त्या उभ्या राहिल्या. "म्या दिवसभर तिथं व्हते. कुणी विचारलं? प्लेगच्या दुसऱ्या साली झालेली है ती, साऱ्या गावाला माहीत है! घागर कुठं है? ती भरलेली घागर कुठं है ह्याच्यात? ज्या शेंगा खाल्ल्या त्या कुठं हैत?"

तशाच उन्हात त्या शेटच्या पेढीवर गेल्या. मी मागोमाग धावले. शेट गादीवर बसून पान लावत होते.

"शेटजी, ते हाळाचं काढून टाका. ते झूट है."

"अरे दुर्गाबाई, झूट कसं? फोटो है न! आपला मुलूख पडद्यावर येऊन राह्यला अन् तुम्ही नाराज? तुम्ही कागद वाचू नका. काय बोलायचं ते बोला."

"म्या काय बी बोलले तरी दिसायचं ते दिसणारच न!"

"पब्लिक खुश होईल. तुमच्या मावशीलाबी निरोप धाडलाय. येऊन राह्यली ती रविवारी."

हे ऐकून दुर्गाबाईंचा चेहरा असा झाला की मी त्यांचा हात धरला. त्यांनी तो झटकला.

रविवारी सोनूबाई आली. गावच्या सात बाया सोबत, आणि अंगावर तेच हिरवं लुगडं, आता जरा विटलेलं. ती अगदी पुढं बसली. गोदामाचा पत्रा तापला होता, बारदानाचा वास कोंडला होता आणि दाराशीसुद्धा जागा नव्हती. हाळ यायच्या आत मशीन बंद करायचं, असं दुर्गाबाईंनी मच्छिंद्रभाऊंना बजावलं होतं आणि त्यांनी मान डोलावली होती. पण त्या दिवशी शेट स्वतः मशीनशेजारी खुर्ची टाकून बसले.

वेचणी दिसली तशी गावच्या बाया ओरडायला लागल्या. "ती बघ ती, आपली सोनूबाई! तो आपला बांध!" सोनूबाई पदर तोंडाला लावून लाजली. तिच्या बायांनी तिला कोपरानं ढोसलं. दुर्गाबाई कापडाशेजारी उभ्या होत्या, मशीनकडं बघत होत्या.

मच्छिंद्रभाऊंचा हात बटणाकडं गेला. शेट म्हणाले, "चालू ठेव." हात थांबला.

हाळ आला. मग मागच्या बाजूनं, शहरातल्या बायांमधून, कोणीतरी म्हणालं, "अगं बाई, जनावरासारखी पिऊन राह्यली!" आणि हशा पिकला. दर रविवारी पिकायचा तसाच, मोकळा, मजेचा.

दुर्गाबाईंनी दोन्ही हातांनी ते कापड धरलं आणि ओढलं. एका बाजूचे खिळे उपटले, मग दुसऱ्या बाजूचे. कापड त्यांच्या अंगावर आलं आणि म्हशींची तोंडं मागच्या बारदानावर हलत राहिली. "बंद कर!" त्या ओरडल्या. नवऱ्याला अरेतुरे करताना मी त्यांना तेवढ्या एकाच वेळी ऐकलं. मच्छिंद्रभाऊंनी मशीन बंद केलं. शेट उठून काही बोलायला लागले, पण तो आवाज कोणाला ऐकू गेला असेल तर शपथ.

"हसून राह्यल्या? कुणाला हसून राह्यल्या?" दुर्गाबाई म्हणत होत्या. "ही बाई दोन विहिरींची धनीण है. घागर शेजारी भरलेली व्हती. तिला पाणी प्यायला लावलं. दोनदा लावलं! तिच्या गळ्यातलं काढून ठिवायला लावलं. ते परदेशी लोक तिच्याच शेंगा खाऊन गेले अन् हे दाखवून राह्यले!"

तेव्हा सोनूबाई उठली. तिचा आवाज मोठा नव्हता.

"त्यांनी लावलं म्हणती का दुर्गे? त्यांना आपली बोली कुठं येत व्हती? तुला येत व्हती. मला 'पी' म्हणाली ती तू."

एवढं बोलून ती बाहेर पडली आणि तिच्यामागून सातही बाया. दुर्गाबाई कापड छातीशी धरून तिथंच उभ्या राहिल्या.

शेटनं त्यांना कामावरून काढलं. पुढच्या रविवारी मुनशीजी परत आले, कापड पुन्हा ठोकलं, आणि खेळ झाला. हाळासकट. गोदाम भरलं होतं. त्या दिवसाचं मला सगळ्यांत जास्त वाईट वाटतं, कारण आदल्या रविवारी ऐकून गेलेल्या बायासुद्धा पुन्हा आल्या होत्या. दुर्गाबाई दारात उन्हात उभ्या राहिल्या आणि आत जाणाऱ्या एकेकीला थांबवून सांगायला लागल्या. काही ऐकायच्या. काही "व्हय व्हय बाई" म्हणून आत जायच्या. तीन रविवार त्या अशा उभ्या होत्या.

चौथ्या रविवारी हाळ दिसलाच नाही. मच्छिंद्रभाऊ कात्री घेऊन बसले होते आणि तेवढा तुकडा काढून दोन्ही टोकं जोडली होती. शेटनं विचारलं तेव्हा त्या अबोल माणसानं सांगितलं, "माझी मावससासू है ती. म्या कापलं. ठिवायचं तर ठिवा मला, न्हाई तर काढा." इंजिन दुसऱ्या कोणाच्या हाताला बधत नव्हतं. शेटनं ठेवलं.

पण दुर्गाबाईंचा राग त्यानं निवला नाही. "हितलं कापलं," त्या मला म्हणाल्या. "जगात अशी किती फिरत आसतील? तिथं कोण कात्री लावणार?" मी इंग्रजीत तीन पत्रं लिहिली, मुंबईच्या व्यापाऱ्याला आणि रिळावर नाव होतं त्या परदेशी कंपनीला. चार महिन्यांनी एका पत्राचं उत्तर आलं. छापील कार्ड होतं. आमचे चित्रपट आपल्याला आवडले याबद्दल आभार. मी ते वाचून दाखवलं. त्यांनी ते माझ्या हातातून घेतलं, उलटसुलट पाहिलं आणि चुलीत टाकलं.

मग त्या म्हणाल्या, "आता बेटाचा कागद काढा."

मी काढला. त्यांनी स्वतःच वाचला, बोट ठेवून, माझ्याच अक्षरात. 'आळशी, पोरकट आणि आनंदी.'

"हे कुणी कुणाला विचारून लिव्हलं?"

"मला माहीत नाही, दुर्गाबाई."

"त्या बाईला बी कुणीतरी सांगितलं आसल, नावेतून उतर, हिकडं बघ. अन् म्या तिला म्हैस म्हणले. पाच वर्षं म्हणले." मग माझ्याकडं वळून, "म्या आडाणी. तुम्ही शिकल्यासवरल्या. तुम्हाला बी वाटलं न्हाई?"

त्यानंतर महिनाभर त्यांच्याकडून चहाचा कप पुढं आला नाही. भिंतीपलीकडून भांडी आपटल्याचा आवाज यायचा तेवढाच. मी शाळेत भूगोल शिकवत होते, आणि पुस्तकातली 'अमुक देशातील लोक अमुक स्वभावाचे असतात' ही वाक्यं मुलींकडून पाठ करून घेताना मी मध्येच थांबायला लागले.

त्या वर्षी वेचणी सुरू झाली तशी दुर्गाबाई मावशीच्या गावी गेल्या. न सांगता, न विचारता पदराची ओटी बांधून सोनूबाईच्या शेतात कापूस वेचायला लागल्या. सोनूबाईनं या म्हटलं नाही आणि जा म्हटलं नाही. दुपारी इतर बायांसारखीच त्यांच्याही पुढं भाकरी ठेवायची. वेचणी संपली त्या दिवशी सोनूबाई म्हणाली, "माफ केलं म्हणून समजू नको. पण येत जा." दुर्गाबाई दर वर्षी जात राहिल्या.

१९५९ च्या उन्हाळ्यात मुनशीजींची तब्येत ढासळली आणि शेटनं पुन्हा दुर्गाबाईंना बोलावलं. त्या गेल्या. मला नवल वाटलं. "जग तर पाह्यचंच है न मला," त्या चिडूनच म्हणाल्या. "झूट बोलणारे हैत म्हणून म्या डोळे काहून मिटू?" पण आता त्यांचं बोलणं बदललं होतं. दिसतंय ते सांगायच्या, आणि मग म्हणायच्या, "ही बाई काय म्हणून राह्यली ते मला ठाऊक न्हाई. तिला ह्यांनी काय करायला लावलं ते बी ठाऊक न्हाई." पहिल्या दोन रविवारी लोकांनी ऐकून घेतलं. मग कुरकुर सुरू झाली. "आर्ध्या गोष्टी तर बाईला ठाऊकच न्हाईत!" हशा नाही तर लोक कशाला येतील? गोदाम रिकामं पडत गेलं. महाराष्ट्र राज्य झालं त्या उन्हाळ्यात शेटनं मशीन आणि रिळं परतूरच्या धान्याच्या व्यापाऱ्याला विकून टाकली.

ते न्यायला व्यापाऱ्याचा माणूस आला, भुजंग नावाचा. दुर्गाबाई सकाळपासून गोदामात होत्या. भुजंगनं डबे गाडीत चढवताना पाहिलं तर प्रत्येक डब्यावर तांबड्या रंगात मोठ्या, वाकड्या अक्षरांत लिहिलेलं. बेटाच्या डब्यावर: 'कागद खोटा.' आमच्या भागाच्या डब्यावर: 'सोनूबाईला वय माहीत है.'

"हे काय लिव्हलंय, बाई?"

"वाचता येतंय न? मंग वाचा."

"मालक कटकट करतील. घासलेटानं पुसून टाकतो."

"पुसा," दुर्गाबाई म्हणाल्या. "म्या परतूरला येऊन परत लिव्हीन."

भुजंग हसला आणि त्यानं गाडी हाकली. त्यानं ते डबे पुसले हे मला नंतर कळलं. दुर्गाबाई रंगाचा डबा पिशवीत घालून दोनदा आगगाडीनं परतूरला गेल्या, हेही मला पक्कं माहीत आहे, कारण दोन्ही वेळी तिकिटाच्या खिडकीपर्यंत मीच त्यांना सोडायला गेले होते.